पाळणाघरातलं अर्ध्या वेगाचं गाणं

पाळणाघरातल्या नव्या बाईंना मी ‘सूचनाबाई’ म्हणतो. तोंडावर नाही, तेवढी अक्कल आहे मला. अकरा वर्षं त्यांनी बस स्थानकावर माईकसमोर बसून गाड्यांच्या वेळा सांगितल्या. मग तिथं एक यंत्र आलं आणि बाई घरी बसल्या. वर्षभरानं त्या पाळणाघरात लागल्या, महिनाभराच्या बोलीवर. सवय मात्र सुटेना. “सर्व मुलांनी हात धुवावेत. सर्व मुलांनी हात धुवावेत.” प्रत्येक वाक्य दोनदा, एका पट्टीत. मुलंही अशी रांग लावत, जणू आता गाडीच लागणार.

हे सगळं मला ठाऊक, कारण माझी नात तिथं असते. साडेतीन वर्षांची आहे आणि दुपारी झोपत नाही. स्वतः न झोपली तर एक वेळ चालेल, पण ही बया बाकीच्यांच्या पापण्या उघडून तपासते. त्यामुळे रोज एकला मला फोन, “आजोबा, येऊन बसा, नाहीच झोपली तर घेऊन जा.” माझी वामकुक्षी बुडायची आणि मी दाराबाहेर चपलांच्या कपाटाशेजारी बसून राहायचो. मी कुणाचं चोरून ऐकत नाही. कानच तसे आहेत.

पण खरा गुन्हेगार भिंतीपलीकडे होता. तिथं जिम आहे, आणि तिथं रोज एकच गाणं लागायचं. ढोल, शिट्ट्या आणि मधेच एक बाप्या बोंबलतो, ‘बस जरा जवळ, मी कुठं जात नाही.’ असा बोंबलतो की मुक्कामाला आलेला पाहुणा वाटावा. नाहीच जाणार तो. सूचनाबाईंचं जिमवाल्याला दोनदा सांगून झालं. तो म्हणाला, “काकू, आवाज कमी केला की लोक वजनं खाली ठेवतात हो.”

पाळणाघर चालवणाऱ्या मोठ्या बाईंनी सोमवारी बजावलं, “शुक्रवारपर्यंत दीड वाजता सगळी मुलं झोपलेली दिसली पाहिजेत. नाहीतर मला दुसरं कुणी बघावं लागेल.” वर अंगाईगीतांचं पुस्तक हातात दिलं. सूचनाबाईंनी ते इमानेइतबारे म्हटलं. गळ्यात सूर मोजून तीन. मुलं खुदुखुदु हसली.

गुरुवारी त्या पाणी प्यायला बाहेर आल्या. मी म्हटलं, “काय बाई, हरलात का भिंतीपुढं?”

“हरलेच म्हणा आजोबा.” पेला हातात तसाच. “पुन्हा घरी बसायचं अंगावर येतं हो. दिवस दिवस तोंडातून शब्द निघायचा नाही. बोलणार कुणाशी?”

मी तो पेला त्यांच्या हातातून घेऊन कपाटावर ठेवला.

त्या आत गेल्या आणि नातीच्या पाठीवर थोपटायला लागल्या. भिंतीतून धबधब चालूच. त्या वेगानं हात कसा चालावा? मग एक ठोका सोडून एक, असा हात पडायला लागला. आणि त्या हाताबरोबर शब्द आले, त्याच बाप्याचे. “बस जरा जवळ. बस जरा जवळ. मी कुठं जात नाही. मी कुठं जात नाही.” ढोल नाही, शिट्टी नाही, एखादी हरकतसुद्धा नाही. गाड्या सांगायचा तोच सपाट आवाज.

हजारदा कानावर आदळलेलं गाणं, पण त्यात काही म्हटलंय हे मला त्या दिवशी कळलं. त्या बाप्याच्या तोंडी जी धमकी होती, ती इथं दिलासा झाली. त्या खोलीतल्या प्रत्येक पोरानं सकाळी दारात ‘मी जाते हं’ ऐकलेलं. आणि ‘जात नाही’ म्हणणाऱ्या बाईचं स्वतःचं उद्याचं ठिकाण नव्हतं.

मी डोकावलो. एकोणीस मुलं गाढ. सगळ्यात शेवटी आमची तपासनीस झोपली.

तेवढ्यात मोठ्या बाई तरातरा आल्या. गाणं ओळखलं होतं त्यांनी. बोट उगारलं, तोंड उघडलं, आणि समोर बघून आवाज एकदम खाली. कुजबुजत रागावणं फार अवघड असतं.

“हे गाणं? इथं?”

“तेच आहे मॅडम. जरा हळू.”

“पुस्तकातलं का नाही?”

“पुस्तकातलं भिंतीशी जमत नाही.”

एक पोर चुळबुळलं. मोठ्या बाईंचा एक पाय हवेतच राहिला. “थांबलात कशाला? म्हणा की,” असं पुटपुटत त्या मुलांच्या बुटक्या खुर्चीवर टेकल्या. दोन फेऱ्यांत त्यांची हनुवटी छातीवर. त्या म्हणतात, हजेरीपट बघत होते. बघत असतील, डोळे मिटून.

शुक्रवारी सूचनाबाईंना कायम केल्याचं पत्र मिळालं. माझी दुपारही परत मिळाली, त्याबद्दल जन्मभर त्यांचा ऋणी आहे. पण त्या दिवशी मी मुद्दाम थांबलो होतो. पत्र हातात घेऊन त्या सरळ जिममध्ये शिरल्या, मागोमाग मी. घामेजलेली माणसं बाजूला झाली. आली तक्रार, असं धरून जिमवाल्यानं मुकाट्यानं आवाजाच्या बटणाला हात घातला.

“नको, राहू दे तेवढाच,” बाई म्हणाल्या. “मी आभार मानायला आलेय.”