स्वरलोप

बाळांनो, सीताबर्डीच्या मुलींच्या शाळेत मी व्याकरण शिकवीत असे, आणि ती नोकरी माझ्या सासूबाईंच्या डोळ्यांत खुपत असे. एका हिवाळ्यात माझा आवाज पार गेला. वैद्यबुवा म्हणाले, “स्वरलोप झालाय. महिनाभर बोलायचं नाही.”

सासूबाई खूश झाल्या. “आता शाळेत काहून जाऊन राहिली वं? सोड ते नोकरी. देवानं माह्यं ऐकलं.”

मी पाटीवर लिहिले, ‘व्याकरणात स्वरलोप म्हणजे एक स्वर गळतो. नदी + आत = नदीत. आ गेला तरी अर्थ राहतो.’ त्यांनी न वाचताच ओल्या हाताने पाटी पुसली. मी शाळेत गेले आणि फळ्यावर लिहून शिकवले. तेव्हापासून सासूबाईंनी माझ्याशी बोलणे टाकले. त्या स्वरलोपावर मी कधी औषध विचारले नाही.