कूलर चालू ठेवून पाहिलेला मूकपट

प्रताप नगरातल्या आमच्या घरी उन्हाळ्यात बाबांशी बोलायचं तर आधी कूलर बंद करावा लागतो. त्यांना कमी ऐकू येतं, आणि कानातलं मशीन टोचतं म्हणून ते लावत नाहीत. कूलर बंद करायचा, ओरडून सांगायचं, घाम पुसत पुन्हा चालू करायचा. यंदा मी तो बंद करणंच सोडलं. नंतर सांगू, असं रोज म्हणत राहिलो. हळूहळू बाबाही काही विचारेनासे झाले. जेवले की भिंतीकडे तोंड करून पडायचे. माझ्या आळसापायी माझा बाप घरात असून दूर चाललाय, हे मला कळत होतं. तरी हात उठत नव्हता.

एका रविवारी दुपारी मुलीनं टीव्हीवर फार जुने, छोटे विनोदी मूकपट लावले आणि आजोबांना हात धरून आणून बसवलं. कूलर धडधडत होता. पडद्यावर एकजण खांद्यावर शिडी घेऊन चालला होता, शेजारून एक टोपीवाला. मागून कुण्या टवाळानं शिडीवाल्याचा कोट ओढला.

"आता तो टोपीवाला गेला!" बाबा ओरडले.

शिडीवाला गर्रकन वळला आणि टोपीवाला खरंच आडवा झाला. पुढे कोणाचा पाय बादलीत अडकणार, कोणाखालची खुर्ची सरकणार, सगळं बाबांना आमच्याआधी दिसत होतं.

"आधी पाहिलाय का हा?" मुलीनं खुणेनं विचारलं.

"नाही वं. त्याचे खांदेच सांगून राहिले ना."

मी थक्क झालो. मला नुसतं पडणं दिसत होतं. पडण्याआधी त्या नटाचं अंग क्षणभर जे बोलतं, ते बाबा वाचत होते.

"तुम्ही बी मले असेच दिसता," ते म्हणाले आणि उठले.

पोट पुढे काढून, चष्मा वर सरकवत ते कूलरपाशी गेले. बटणाकडे हात नेला. थांबले. माझ्यासारखा सुस्कारा सोडला, हात मागे घेतला आणि मान खाली घालून परत फिरले. बायको आणि मुलगी हसून लोळल्या. तो मीच होतो, हुबेहूब. मलाही हसू फुटलं, आणि हसता हसता डोळे भरले.

"मी असं करतो?" मी पुटपुटलो. कूलरच्या आवाजात ते मलाही नीट ऐकू आलं नाही.

बाबा माझ्या तोंडाकडे पाहत होते.

"हो ना गा," ते म्हणाले. "रोजच."