आत्या गायली नाही

कोपरला खोली घेताना घरमालकाची एकच अट होती : मुलगे येता कामा नयेत. ती हमी आम्ही दोघींनी अगदी मनापासून दिली. तेव्हापासून बिल्डिंगमध्ये आम्ही चांगल्या घरातल्या मुली आहोत.

चांगलं घर तिचं, डोंबिवलीतलं. माझं येऊरच्या वारली पाड्यावर. माझी आत्या तिथली धवलेरी. आमच्यात लग्न भटजी नाही, धवलेरी लावते; गाण्यातून देवांना बोलावून. मी खोलीतल्या आम्हा दोघींवर फिल्म करत होते आणि मला आत्याचं ते गाणं हवं होतं.

ओटीवर कॅमेरा लावला. आत्या नवं लुगडं नेसून बसली.

"कुणाचं लगीन?"

"कुणाचं नाही गं. फिल्मसाठी गा."

"देवांना हाका मारायच्या, आणि आले की सांगायचं, जा, लगीन नाही?"

मग मी सगळं सांगितलं. खोली, ती, चार वर्षं. आत्याने तंबाखूची चिमूट मळून गालात धरली.

"मग ती कुठंय? एकटीचं लगीन कसं गाऊ? दोघी बसा समोर. गाते."

कोपरला खोलीवर येऊन तिला हे सांगितलं. ती मेथी निवडत होती.

"आत्यासमोर बसेन गं. कॅमेऱ्यासमोर नाही. आई दिवसभर यूट्यूब बघते."

त्यामुळे फिल्ममध्ये आत्या तोंड मिटून बसली आहे, आणि हिचे फक्त मेथी निवडणारे हात आहेत. ठाण्यात फिल्म दाखवली तेव्हा समई, शाल, नारळ झाल्यावर प्रमुख पाहुणे म्हणाले, हे मौन म्हणजे आदिवासी स्त्रीचा युगायुगांचा हुंकार. आत्या तिथे असती तर म्हणाली असती, बाबा, दुसरी आली नव्हती.

दुसरी शेवटच्या रांगेत बसली होती, ओळख न दाखवता. नंतर टपरीवर चहा घेताना म्हणाली,

"त्या गप्प आहेत तिथे खरं काय गातात?"

"नवरीला बोलावतात. दुसऱ्यांच्या लग्नात ऐकलंय."

"दोघी नवऱ्या असल्या तर?"

"ते आत्याच ठरवेल."

"आणि कॅमेरा?"

"नाही आणणार."

तिने चहाचे पैसे दिले.

आत्याचा निरोप आलाय : पावसाळ्यात लग्नं लागत नाहीत, त्याआधी या. कॅमेऱ्याची बॅग मी माळ्यावर ठेवून दिली आहे. जायचं ना, विचारलं की ती खालून बॅगेकडे बघते आणि म्हणते, "बघू."