वाहून गेलेला रविवार

कासिल्दासारखी कडक बाई आमच्या ग्रानादाच्या डोंगरात दुसरी नाही, आणि एक आहे तीच पुरे, असं मी दाढी करता करता प्रत्येक गिऱ्हाइकाला ऐकवायचो. ती आमच्या गावची पाटकरीण, पण पाण्याची नव्हे, वेळेची. पाण्याची पाळी शेतागणिक असते, वेळेची विश्वागणिक. डोंगरउतारावरच्या वाफ्यांसारखी विश्वं एकाखाली एक. वरच्यांचा वेळ वापरून उरला की आमच्याकडे येतो, आमचा उरला की खालच्यांकडे जातो. तिन्हीकडे हेच गाव आणि बरीचशी हीच माणसं.

आमचा वेळ उरतो तो दुपारी. जेवून आडवं झाल्यावर वेळ घेऊन करायचं काय? तेव्हा कासिल्दा जुन्या गिरणीत जाऊन लाकडी फळी उचलते, "उघडलं!" म्हणून ओरडते आणि तासाभराने "मिटलं!" म्हणून खाली टाकते. वरच्या विश्वातली पाटकरीणही असंच ओरडते. तीही कासिल्दाच, आवाजही तोच. पण इतक्या वर्षांत दोघी याउपर एक शब्द बोलल्या नव्हत्या. पाटावर गप्पा मारायच्या नाहीत असा नियम आहे, आणि नियम पाळायचा म्हटला की कासिल्दाला चेव चढतो.

पाच मिनिटं जास्तीची मागायला जाणाऱ्याला एकच उत्तर. "पाळी संपली की संपली." एकदा गावप्रमुखाची अर्धी मिशी कापायची राहिली आणि दारात मंत्री आला. मी धावत गेलो, तर म्हणाली, "मंत्र्याला त्यांच्या डाव्या बाजूला उभा करा."

अशा बाईला शनिवारी दुपारी झोप लागली. रविवारी तिच्या भाचीचं, आरासेलीचं लग्न होतं. धाकट्या बहिणीने, रोसेंदाने, बडीशेपेच्या दारूत मळलेल्या बदामाच्या वड्या केल्या होत्या. कासिल्दाने मीठ-साखर बघायच्या निमित्ताने ताटभर खाल्ल्या, गिरणीत जाऊन फळी उचलली आणि पोत्यावर टेकली. टेकली ती टेकलीच.

शनिवारी दुपारी झोपलेलं गाव सोमवारी सकाळी उठलं. आख्खा रविवार खाली वाहून गेला होता. खालच्या मेल्यांनी दोन रविवार मजा मारली आणि वर आभार मानले! पाद्रीबाबांचं प्रवचन बुडालं, त्याचं कुणाला काही वाटलं नाही. पण लग्नाचं काय?

नवरदेव नेमेसियो जहाजावर स्वयंपाकी. त्याला बंदरावर नेणारी बस समोरच्या वळणावर दिसायला लागली होती. बस चुकली तर नोकरी जाणार, आणि बस गाठली तर लग्न वर्षभर लांबणार. शेजारच्या मुलीला असंच "आल्यावर करू" म्हणून एकजण बोटीवर गेला होता, तो अजून येतोच आहे. रोसेंदा चर्चच्या पायरीवर बसून रडायला लागली.

ते पाहून कासिल्दा गिरणीकडे निघाली. मीही मागोमाग गेलो, कात्री हातातच.

"वर कोण आहे?" ती ओरडली. "एक तास हवाय."

"आत्ता तुमची पाळी नाही."

"ठाऊक आहे."

"पाळी संपली की संपली."

मला हसू फुटत होतं, पण कासिल्दाचा चेहरा पाहून ते गिळलं.

"भाचीचं लग्न आहे हो," ती म्हणाली. स्वतःलाच अहो-जाहो करायची वेळ आली बिचारीवर.

"तुला कुठली आली भाची?"

"रोसेंदाची मुलगी."

वरून हळूच आवाज आला, "रोसेंदा तर लहानपणीच गोवराने गेली."

"इकडे नाही गेली. इकडे वाचली. आता इतकी सुटलीय की या दारातून तिरकी होऊन येते."

"बोलाव तिला."

"बस आलीय, आधी फळी..."

"आधी बोलाव!"

मी रोसेंदाला ओढत आणलं. ती दारातूनच सुरू झाली, "ताई, आता आणि काय? पोरीचा रविवार घालवलास, आता सोमवारही घालव! अगं, बोल की! लहानपणापासून मेलीची हीच खोड, चूक झाली की तोंड शिवून बसते! ताई, मी तुझ्याशी बोलतेय!"

वरून फळी उचलल्याचा आवाज आला. "उघडलं," कुणीतरी रडत म्हणालं.

उसना तास गावापुरताच, म्हणून बस वळणावर होती तिथेच थबकली. आम्ही घंटा बडवल्या, पाद्रीबाबांना प्रवचन करू दिलं नाही, लग्न लावलं, हॅम खाल्लं, नाचलो. तास कधीच उलटून गेला, तरी वरून "मिटलं" येईना. कासिल्दा तेवढी गिरणीतून हलली नव्हती. मी तिच्यासाठी जेवण घेऊन गेलो, तेव्हा ती वर ओरडत होती, "अगं, तास संपला! मीट आता! तुमचा वेळ वाया चाललाय."

"मिटते," वरून आवाज आला. "अजून एकदा तिला ओरडायला सांग ना."

कासिल्दाने डोळे पुसले, दाराशी आली आणि नाचणाऱ्या गर्दीकडे बघून हाक मारली, "रोसेंदा! इकडे ये, मला चार शिव्या घाल. आणि सावकाश घाल, घाई करू नकोस."