झालरीखालचे पाय

माझी भावजय फुएनसांता कोर्दोबात गाईड आहे. परगावच्या लोकांना जुन्या गल्ल्यांतून पायी फिरवते आणि फिरवताना अखंड बोलते. बाकीचे गाईड रंगीत छत्र्या उंच धरतात. हिच्या हातात लाकडी पळी असते, लाल फीत बांधलेली. छत्र्यांच्या गर्दीत छत्री दिसत नाही, पळी दिसते, असं तिचं म्हणणं. लग्न होऊन आमच्या घरात आली तेव्हा मला वाटलं, ही बाई माझ्या भावाचे कान किटवणार. किटवलेच. पण त्यालाच ते आवडत होतं, तिथं मी कोण बोलणारी?

माझं बटणांचं नि लेसचं दुकान आहे. ईस्टरच्या आधीच्या आठवड्यात ते बंद असतं, आणि नेमके तेव्हाच फुएनसांताकडे लोकांचे घोळके येतात. म्हणून दरवर्षी मी तिच्या घोळक्याची शेपूट सांभाळते. म्हणजे ती पुढे बोलत चालते आणि मी मागून रेंगाळणाऱ्यांना हाकते. शेळ्या परवडल्या, निदान त्या दर दाराशी फोटो काढत बसत नाहीत.

त्या गुरुवारी मी गेले ती मात्र शेपूट सांभाळायला नव्हे, तिला सांभाळायला. खरं सांगायचं तर आम्ही दोघीही घाबरलेल्या होतो.

कारण माझा भाऊ, लेआंद्रो. नळदुरुस्तीचं काम करतो. मिसरूड फुटलं तेव्हापासून तो पालखीचा भोई. ईस्टरआधीच्या त्या आठवड्यात आमच्याकडे पालख्यांच्या मिरवणुका निघतात. पालखी म्हणजे चांदीच्या पत्र्यानं मढवलेलं एक घरच असतं, वर मेणबत्त्या, फुलं, येशूची मूर्ती. खाली आडव्या तुळया आणि प्रत्येक तुळईखाली ओळीनं भोई, मानेवर चुंबळ ठेवून. चहूबाजूंनी जमिनीपर्यंत मखमली झालर. आत कोण आहे ते बाहेरच्याला दिसत नाही, दिसतात ती नुसती पावलं. आतल्यांनाही बाहेरचं काही दिसत नाही. मुकादम पुढे चालतो, डावीकडे घ्या, सावकाश घ्या, असं ओरडून सांगतो, आणि हे आंधळ्यासारखे चालतात.

गेल्या पानगळीत लेआंद्रोच्या छातीत कळ आली. कुणाच्या तरी न्हाणीघरात नळाखाली आडवा होता, तिथून थेट इस्पितळात. स्टेंट बसवला. डॉक्टरीणबाईंनी स्वच्छ सांगितलं, आता वजन उचलायचं नाही. पालखीचं तर नावच काढायचं नाही. घरी आल्यावर फुएनसांतानं मसुराची आमटी वाढली आणि त्याच्यासमोर बसली. म्हणाली, शपथा नकोत, नुसतं हो म्हण. तो हो म्हणाला. मी तिथंच होते. आमटीत बघून म्हणाला, तिच्याकडे बघून नाही.

मग ईस्टरआधीचे उपासाचे दिवस आले, भोयांच्या तालमी तेव्हाच चालतात, आणि हा रोज संध्याकाळी डॉमिनो खेळायला जायला लागला. आयुष्यात कधी डॉमिनो खेळला नव्हता. एक दिवस फुएनसांतानं त्याच्या मानेवर लाल चट्टा पाहिला. म्हणाला, सोफ्यावर वाकडा झोपलो. तिनं मला दुकानात येऊन विचारलं, "वन्सं, सोफ्याचा वळ मानेवर बरोबर मधोमध उठतो का हो?" मी तिला म्हटलं, काहीतरीच तुझं. ती गेल्यावर मात्र माझं कशात लक्ष लागेना. एका गिऱ्हाइकानं पांढरी बटणं मागितली तर काळी दिली.

तर तो गुरुवार. लेआंद्रो सकाळी शहाण्या मुलासारखा खुर्चीत बसला होता. मी तोरिहा, म्हणजे पावाचे तळून मधात घोळवलेले तुकडे, घेऊन गेले, त्यातली एक त्यानं खाल्ली. म्हणाला, तुम्ही जा, मी गच्चीतून पालख्यांची गर्दी बघेन. फुएनसांतानं त्याच्या कपाळाला हात लावला, लहान पोराला ताप आहे का बघतात तसा, आणि आम्ही निघालो.

घोळका उत्तरेतल्या लिओनकडचा होता, सगळे निवृत्त. त्यात एक निएवेसबाई होत्या, आयुष्यभर शाळेत शिकवलेल्या. प्रश्न विचारणं त्यांच्या अंगातच होतं. ही वीट का, ती खिडकी कुणाची, संत्र्याची झाडं कुणी लावली, संत्री कुणी खातं का, खात नाही तर लावली कशाला. एरवी फुएनसांताला असली माणसं आवडतात. त्या दिवशी ती दोन शब्दांत उत्तर देऊन पुढे जात होती. आता चर्च झालेल्या जुन्या मशिदीच्या अंगणात ती बोलता बोलता थांबली आणि तिनं घरी फोन लावला. नुसती घंटा वाजत राहिली.

मग तिनं शेजारच्या मानोलीला फोन करून दार वाजवायला सांगितलं. मानोली थोड्या वेळानं म्हणाली की दार काही उघडत नाही, पण माणूस घरातच आहे, आत रेडिओवर मिरवणुकीचं वर्णन मोठ्यानं चालू आहे. मला हायसं वाटलं. म्हटलं, बघ, झोपला असेल मेला, उगाच जिवाला घोर लावून घेतलास.

फुएनसांताच्या तोंडाचा रंगच गेला.

"वन्सं, रेडिओवरची मिरवणूक अंथरुणाला खिळलेल्यांसाठी असते, असं तुमचा भाऊ म्हणतो," ती म्हणाली. "इस्पितळात परिचारिकेनं लावला होता, तर त्यानं उशी कानावर घेतली."

माझा भाऊ आहे, मला ठाऊक नाही का तो. आमच्या बापाच्या प्रेताजवळ बसलो होतो तेव्हाही मिरवणुकीचा रेडिओ लावू दिला नव्हता त्यानं.

त्या आठवड्यात प्रत्येक गाईड मिरवणुका चुकवून रस्ते ठरवतो, कारण पालखी मध्ये आली की घोळका दोन तुकड्यांत तुटतो आणि मग जेवणाच्या वेळेपर्यंत एकमेकांना शोधत बसा. फुएनसांतानं नदीकडून जायचं ठरवलं होतं. चौकात आल्यावर तिची पळी उजवीकडे वळली. मी मागून ओरडले की हा आपला रस्ता नव्हे. तिनं वळूनही पाहिलं नाही. ती घोळक्याला घेऊन सरळ लेआंद्रोच्या मंडळाच्या पालखीच्या वाटेवर चालली होती. चांगली अठ्ठावीस म्हातारी माणसं आणि त्यांच्यामागे मी.

कमानीच्या गल्लीत आम्ही शिरलो आणि अडकलो. मागून गर्दी आली, पुढून पालखी. भिंतीला पाठ लावून उभे राहिलो. ती गल्ली इतकी अरुंद की तिथं बँडही वाजवत नाहीत, नुसता एका ढोलाचा ठोका. धुपानं डोळे चुरचुरत होते. पालखी आमच्यासमोर आली आणि मुकादमानं पुढच्या कडीवर ठोका दिला. पालखी खाली टेकली. मुकादम सोइलो, आमच्याच आळीतला, लेआंद्रोच्या बरोबरीचा.

फुएनसांता वरती मूर्तीकडे बघत नव्हती. ती वाकून झालरीखाली बघत होती. कापडी बूट घातलेली पावलं, एकामागे एक. मीही बघितलं. मागून दुसऱ्या तुळईपाशी, आमच्याच बाजूला, एक डावं पाऊल बाहेरच्या अंगाला वळलेलं. तरुणपणी मोटरसायकलवरून पडल्यापासून माझ्या भावाचं डावं पाऊल तसंच पडतं.

"सोइलो," मी हाक मारली. मला दम निघवेना. तो आला. मी दातओठ खात विचारलं की हा काय प्रकार आहे. तो बिचारा गडबडला. म्हणाला, त्यांच्या टोळीत रीत आहे, ज्या भोयाला सोडावं लागतं त्याला शेवटची म्हणून एक गल्ली देतात. सोइलोच्या बापानं ती सुरू केली. लेआंद्रोनं सांगितलं होतं, डॉक्टरांनी एका गल्लीपुरती परवानगी दिली, बायकोचीही हरकत नाही. त्याची गल्ली कधीच संपली होती. पण बदलीचे भोई गर्दीच्या पलीकडे अडकले होते, त्यांना आत येता येईना. आणि जागा रिकामी सोडून लेआंद्रो बाहेर यायला तयार नव्हता, कारण त्याचं वजन शेजारच्यांच्या मानेवर पडलं असतं. सोइलोनं एकदा विचारून पाहिलं होतं. आतून उत्तर आलं, मी ठीक आहे.

एवढ्यात मागून ओरडा झाला, रस्ता मोकळा झाला म्हणून. सोइलोला जावं लागलं. ठोका पडला, पालखी उचलली गेली. तेवढ्या माणसांचा एकदम श्वास आत घेतल्याचा आवाज येतो तेव्हा. त्यातला एक माझ्या भावाचा होता.

पालखी चालायला लागली तशी फुएनसांताही तिच्या शेजारून चालायला लागली, झालरीला खांदा घासत. मला वाटलं ती आता त्याला नावानं हाक मारेल, रडेल, झालर वर करेल. तसं केलं असतं तर उभ्या गल्लीत त्याची शोभा झाली असती आणि तो हट्टानं आणखी आत रुतला असता. तिनं पळी उंच केली आणि आपल्या घोळक्याकडे तोंड करून, उलट्या पावली चालत, बोलायला सुरुवात केली. नेहमीच्याच खणखणीत आवाजात.

"मंडळी, इकडे बघा. आत जे भोई आहेत त्यांना ही कमान दिसत नाही. पुढच्याच्या टाचा दिसतात. बाहेरचं त्यांना फक्त ऐकू येतं." ती दोन पावलं चालली. "कधी कधी त्यांच्यात एखादा असाही असतो, ज्याच्या हृदयात नळी बसवलेली असते. तो घरात रेडिओ लावून ठेवतो आणि इथं येतो. त्याला वाटतं, बायकोला कळणार नाही."

ती झालरीशेजारी, त्या वळलेल्या पावलाच्या बरोबरीनं चालत होती. पाऊल आता नीट उचललं जात नव्हतं, दगडावर घासत होतं. ते तिला दिसत होतं. तिचा आवाज मात्र हलला नाही.

"का हो," निएवेसबाईंनी विचारलं, आणि मला वाटलं आता या बाईचं तोंड हातानं बंद करावं, "असा माणूस मध्येच बाहेर आला तर बाकीचे त्याला नावं ठेवतात का?"

"ठेवतील," फुएनसांता म्हणाली. "ठेवू देत. नावं ठेवायला माणूस तरी उरेल."

हे सोइलोनं ऐकलं. तो मागे वळला, आधी तिच्याकडे बघितलं, मग खाली त्या पावलाकडे. त्याला काय ते कळलं असावं. त्यानं कडीवर ठोका दिला, थांबायची जागा नव्हती तरी दिला, आणि पालखी खाली टेकली. मग सोइलो गुडघ्यावर बसला आणि त्यानं झालर उचलली.

"लेआंद्रो, बाहेर ये."

"जागा रिकामी राहील," आतून आवाज आला. माझ्या भावाचा आवाज इतका बारीक मी लहानपणीही ऐकला नव्हता.

"राहू दे रिकामी," आतूनच दुसरा कुणीतरी म्हणाला. "आम्ही उचलतो. निघ आता."

लेआंद्रो हातापायांवर रांगत बाहेर आला. चुंबळ कपाळावर सरकलेली, ओठ पांढरे, सदरा अंगाला चिकटलेला. त्याला भिंतीला टेकवलं. घोळक्यातल्या कुणीतरी पाण्याची बाटली पुढे केली. सोइलो माझ्याकडे बघू शकत नव्हता. मी त्याला जे सुनावणार होते ते सगळं तोंडाशी आलं होतं, पण त्याचा चेहरा बघून गिळलं. त्यानं ठोका दिला आणि पालखी उचलली गेली, त्या कोपऱ्यात किंचित कललेली. मग ती सावरली आणि चालू लागली.

लेआंद्रो तिच्याकडेच बघत होता. पालखीकडे, बायकोकडे नाही. पालखी कमानीखालून पलीकडे गेली, दिसेनाशी झाली, तेव्हा कुठे त्यानं मान वळवली.

"मला वाटलं, एकच गल्ली तर आहे," तो म्हणाला.

फुएनसांतानं पळी माझ्या हातात दिली. निएवेसबाई काहीतरी विचारायला पुढे झाल्या, तेव्हा मी त्यांचा दंड धरून त्यांना मागे ओढलं. फुएनसांतानं हात उगारला. चांगला जोरात उगारला, मूठ आवळून, त्याच्या छातीवर मारायला. लेआंद्रोनं डोळे मिटले. मूठ छातीपर्यंत आली आणि थांबली. मग तिनं बोटं उघडली, तळवा त्या ओल्या सदऱ्यावर टेकवला आणि दाबून धरला. आत ठोका चालू आहे अशी तिची खात्री होईपर्यंत तिनं तो हात काढला नाही.