एक कार्ड, दोन चुली

राशन कार्डाच्या कामात अख्ख्या धारूर तालुक्यात माझ्याइतका जाणता माणूस सापडणार नाही. नाव कमी करणं, नाव चढवणं, केशरी कार्डाचं पिवळं करायला काय काय लागतं, सगळं मला पाठ! गावातल्या निम्म्या अर्जांवर अक्षर माझं.

आता माझ्या स्वतःच्या कार्डावर माझी बायको माझी 'आई' म्हणून लागलेली आहे, ही गोष्ट वेगळी. अर्ज मीच भरलेला. चौथी पास माणूस, रकाना चुकला! तेव्हापासून ती चारचौघांत हाक मारते, "बाळा, दळण आणलंस का?"

आमच्याकडं राशनच्या दुकानाला कंट्रोल म्हणतात. गाव तेलगावहून वर धारूरकडं जाताना डोंगराच्या आडोशाला, त्यामुळं कंट्रोलच्या मशीनची रेंज कधी येते, कधी जाते. रेंज गेली की माणसं ओट्यावर टेकतात. आन् टेकलेली माणसं गप थोडीच बसतात! पोत्याच्या भोकातून गहू सांडावेत तसे किस्से सांडत राहतात. झाडून गोळा करायला माझ्यासारखा एक रिकामटेकडा लागतो, एवढंच.

*

मशीन नवीन आली तेव्हाची गोष्ट. कार्डावरच्या कुणीतरी अंगठा लावायचा, मशीननं ओळखलं तर धान्य मिळायचं. आमच्यातली निम्मी माणसं ऊसतोडीला जाणारी. कोयता धरून अन् मोळ्या उचलून बोटं अशी घासलेली, की रेघ म्हणून शिल्लक नाही. आमचा दगडू अंगठा धुऊन, पुसून, फुंकर मारून थकला. मशीन काही त्याला ओळख देईना.

"आबा, मी हिला कावून पटंना?" दगडू रडकुंडीला आला.

मी तोंड एकदम गंभीर केलं. "येड्या, सरकारी मशीन हाय ती! सायबाम्होरं गेल्यावर काय करतो? आदी चपला काढ. टोपी काढ. नमस्कार घाल. मग अंगठा लाव."

मला वाटलं, शिव्या देईल. त्यानं खरंच चपला काढल्या! टोपी काखेत मारली, मशीनपुढं वाकला अन् म्हणाला, "रामराम सायब. दगडू आलाय." आन् अंगठा टेकवला.

सर्रकन पावती बाहेर!

दुकानदार माणिकशेठ माझ्याकडं बघतोय, मी माणिकशेठकडं. तेव्हापासून गावात सगळे चपला काढूनच अंगठा लावतात. माणिकशेठ सकाळी दुकान उघडलं की आधी मशीनला उदबत्ती ओवाळतो.

खरं सांगू? मागं एकदा माझाच अंगठा लागेना. मी इकडंतिकडं बघितलं. कुणी नव्हतं. हात जोडले.

लागला!

*

तहसीलातून कार्डं तपासायला एक मॅडम येतात. वय कमी, आवाज बारीक, पण चष्म्यातून अशा बघतात की माणूस न विचारता खरं बोलायला लागतो. दारात चारचाकी असली की पिवळं कार्ड बंद, असा नियम. आमच्या गावचे बापूसाहेब म्हणजे बागायतदार, पुढारी, पांढरी मोठी गाडी. अन् कार्ड पिवळं!

मॅडम आल्याचं कळताच बापूसाहेबांनी गाडी शाळेच्या मागं लावली, गड्याचा ठिगळाचा सदरा अंगात चढवला अन् रिकामं पोतं घेऊन बारीक तोंडानं रांगेत उभे. मॅडमना बी दया आली असावी. म्हणाल्या, "काका, तुम्ही सावलीत बसा."

आता हे माझ्याच्यानं बघवेल का? मी शाळेकडून पळत आलो अन् बोंब ठोकली, "आरं, शाळंमागं कुणाची पांढरी गाडी उताराला लागली रं! निगाली हिरीकडं!"

बापूसाहेब पोतं टाकून असे सुटले, की त्या वयात माणूस एवढं पळतो हे मी पहिल्यांदाच बघितलं! परत आले तेव्हा घामानं निथळत होते. मॅडम तिथंच उभ्या.

"गाडी तुमची का?"

"छ्या छ्या मॅडम! गाडी कुणाची काय म्हाईत. किल्ली तेवढी माझी हाय!"

मॅडमनी हात पुढं केला. "किल्ली राहू द्या. कार्ड द्या."

*

विठ्ठलअण्णाची तऱ्हा त्याच्या उलटी. त्याचं कार्ड अगदी खरं, माणूस खरोखर गरीब. उत्पन्नाचा दाखला काढायला तलाठ्याकडं गेलता. बघतो तर बाकड्यावर शेजारच्या गावचे पाहुणे बसलेले, तलाठी दोन्ही गावांना एकच! त्यांची मुलगी अण्णाच्या पोराला सांगून आलेली, बोलणी चालू. तेही बिचारे दाखल्यालाच आलेले.

तलाठ्यानं विचारलं, "अण्णा, वरसाचं उत्पन्न?"

दाखल्यासाठी आकडा लहान सांगायचा असतो, हे आमच्या शेंबड्या पोरालाही कळतं. पण होणारा व्याही कान टवकारून बसलेला! अण्णानं छाती फुगवली. "लिवा, पाच लाख!"

तलाठ्याचा पेन हातातच राहिला. तेवढ्यात बाकड्यावरचे पाहुणे उठले, मिशीवरून हात फिरवला अन् म्हणाले, "आमचं सात!"

दोघांचीही कार्डं गेली. लग्न मात्र झालं, अन् दणक्यात झालं! पंगतीत नवरदेवाचा बाप म्हणून अण्णा हौसेनं भात वाढत होता. व्याही जवळ सरकले अन् कानात म्हणाले, "अण्णा, जरा दमानं. तांदूळ इकतचा हाय, कंट्रोलचा न्हाई!"

*

हे सगळे हसायचे किस्से. आता गयाबाईचं सांगतो. माझ्या दोस्ताची ही बायको, दोस्त जाऊन लई वर्षं झाली. मी तिला वैनी म्हणतो. तिचा ल्योक नवनाथ अन् सून मंदा दिवाळी झाली की ऊसतोडीला कर्नाटकात. नातू अन् नात शाळेत, म्हणून ती दोघं आजीजवळ. कार्ड मात्र सगळ्यांचं मिळून एकच.

एकदा हिवाळ्यात गयाबाई पिशवी घेऊन कंट्रोलवर आली. अंगठा लावला. मशीननं ओळखलं, पण पावती काही येईना.

माणिकशेठनं मान हलवली. "वैनी, ह्या म्हयन्याचं धान्य उचललंय. नवनाथनं. तिकडं, कारखान्याजवळच्या दुकानात."

मी चाटच पडलो. कुठं कर्नाटक अन् कुठं आमचा डोंगर! तिकडं पोरानं अंगठा टेकवला अन् इकडं माणिकशेठच्या मशीनला कळलं! चांगली सोय आहे, बाहेरगावी गेलेल्या माणसाला धान्य मिळतं. पण इकडची तीन तोंडं? निम्मंनिम्मं उचलता येतं म्हणतात. पण निम्म्यात तिकडचंही भागत नाही अन् इकडचंही नाही.

मला वाटलं, बाई आता कपाळावर हात मारणार. माणिकशेठनं तर नजरच खाली घातली.

गयाबाईचं तोंड उजळलं! "कवा उचललं म्हणता?"

"काल."

"म्हंजी काल पोरगं चालतंफिरतं व्हतं! दुकानापतूर गेलतं! पंधरा दिस झालं फोन न्हाई, जीव नुसता टांगणीला लागलता बगा." तिनं मशीनवरून असा हात फिरवला, जसा एखाद्या लेकराच्या डोक्यावरून फिरवावा. आन् रिकामी पिशवी घडी घालून घरी गेली.

मी आयुष्यभर लोकांच्या टोप्या उडवल्या. त्या दिवशी माझीच टोपी काढून हातात धरली.

*

मग मीच मनावर घेतलं. गयाबाईला वेगळं पिवळं कार्ड काढून द्यायचं. पिवळ्यावर घरात माणसं किती का असेनात, कार्डामागं पस्तीस किलो ठरलेलं. विधवा बाई घरची कर्ती असली की ती त्यात बसते. फक्त ती मुलापासून वेगळी राहते, तिची चूल वेगळी आहे, हे मॅडमना दिसलं पाहिजे. कार्ड झालं तर पुढच्या दिवाळीनंतर आजी अन् नातवंडं पोटभर जेवणार. नाही झालं तर पुन्हा रिकामी पिशवी.

मी अर्ज भरला. ह्या वेळी रकाने दोनदा बघितले! मॅडम तपासणीला येणार म्हणून ओट्यावर तालीम सुरू केली. मी मॅडम झालो. दगडूचा चष्मा लावला.

"मावशी, मुलगा सांभाळतो का?"

"लई सांभाळतो!"

"आवं वैनी, न्हाई म्हणायचं! कार्डासाठी म्हणायचं!"

"बरं. पुन्ना इचारा."

"मावशी, मुलगा भाजीभाकरी देतो का?"

गयाबाईनं डोळे मिटले, घसा खाकरला. मोठ्या कष्टानं म्हणाली, "वांग्याची भाजी देत न्हाई..."

"शाब्बास!"

"...मलाच सोसत न्हाई वांगं. मग माझ्यासाठी निराळं वरण करत्यात."

ओटा हसून हसून लोळला. मी म्हणालो, "वैनी, एक खोटं बोलायचंय. एकच!"

"भावजी, पोटच्या पोराचं हाय ते. दुसऱ्या कुणाचं सांगा, हवं तेवढं बोलते."

*

मॅडम आल्या त्या दिवसांत कारखाने बंद झालेले. नवनाथ अन् मंदा गावीच. मी सकाळी उठून गयाबाईच्या ओसरीला तीन दगड मांडले, आमच्या चुलीतली राख आणून टाकली, वर काळं भगुलं ठेवलं. बघितलं असतंत तर तुम्हीही म्हणाला असतात, ह्या चुलीवर दोन पिढ्या जेवल्यात!

अर्धं गाव कुडाजवळ गोळा झालं. मॅडमनी चष्मा पुसला अन् कागद काढले. पण गयाबाईनं आधी चहा टाकला. दारात आलेलं माणूस चहाबिगर बोलतं का? आन् चहा उकळेपर्यंत म्हातारी बाई गप बसते का?

"बाई, मालक काय करत्यात?"

मॅडम पहिल्यांदा हसल्या. "पुण्याला आहेत, कंपनीत. मी इथं धारूरला खोली घेऊन राहते."

"आन् लेकरं?"

"एक मुलगी आहे. लहान आहे, म्हणून माझ्या आईकडं ठेवलीय, नांदेडला."

"अगं बया! मग सगळी येका जागी कवा?"

"दिवाळीला. सुट्टी मिळाली तर." मॅडमनी कप घेतला, एक घोट घेतला अन् एकदम कामावर आल्या. "मावशी, ही चूल तुमची?"

मी पुढं झालो. "व्हय मॅडम! कवाची!"

"भावजी, गप बसा," गयाबाई म्हणाली. "मॅडम, ही ह्यांनी सकाळी मांडलीय. राख बी ह्यांच्याच घरची हाय."

कुडाबाहेर फुटला एकच हशा! मॅडमनी माझ्याकडं त्या चष्म्यातून बघितलं. मी भगुल्याकडं बघितलं.

"मग मुलगा तुम्हाला सांभाळत नाही का?"

हशा थांबला. नवनाथ दारातच उभा, मान खाली घालून अंगठ्यानं माती उकरत. एकच 'नाही' पाहिजे होतं. नवनाथही मनातून तेच म्हणत असणार, म्हण आई, म्हणून टाक!

"सांभाळतो," गयाबाई म्हणाली. "तव्यावरची पैली भाकर मला वाढत्यात. खोटं कशाला बोलू?"

नवनाथनं तोंड फिरवलं. मंदा पदर डोळ्याला लावून आत गेली.

मॅडमचा आवाज मऊ झाला. "मावशी, मग मी वेगळं कुटुंब कसं लिहू? चूल एक म्हणजे कुटुंब एक. कुटुंब एक म्हणजे कार्ड एक."

"कारखाना सुरू झाला की ह्यांची चूल कर्नाटकात, उसाच्या फडाजवळ. माझी हितं. अर्दं साल दोन चुली पेटत्यात, बाई."

"कळतंय मला. पण आज जे दिसतं तेच लिहावं लागतं. आणि माणसं पोटासाठी लांब लांब राहिली, म्हणून काही घराची दोन कुटुंबं होत नाहीत."

गयाबाईनं मॅडमच्या हातातला रिकामा कप घेतला. पदरानं पुसला. खाली ठेवला.

"न्हाई व्हत, खरं हाय. मग बाई, येक धारूरला, येक पुण्याला, येक नांदेडला, तुमी येका कार्डाचं धान्य तीन चुलींवर कसं शिजवता, तेवढं मला शिकवून जा. म्या बी तसंच शिजवते."