आमच्या पत्रकातला फितूर

आमच्या घरात देवांच्या तसबिरींपेक्षा पत्रकांचे गठ्ठे जास्त. मी वाचायला शिकलो तो संपाच्या पत्रकांवर. त्यामुळे मजुरांच्या कॅम्पात शेजारी राहणाऱ्या दादाला ठेकेदाराच्या मुकादमाच्या खुनाबद्दल जन्मठेप झाली, तेव्हा मी रागाने पत्रकच लिहिलं. खून झाला त्या संध्याकाळी दादा भट्टीच्या बांधकामाजवळ नव्हताच, दुर्गच्या बाजारात होता. त्याने कोर्टातही हेच सांगितलं होतं. त्याच्याविरुद्धचे तिन्ही साक्षीदार विकले गेलेले! त्यातला एक तर दादाच्याच गावचा, त्याच्याच मजूरटोळीतला. त्याच्या नावापुढे मी ‘फितूर’ असं ठळक टाइपात छापून घेतलं. कॅम्पात त्याच्याशी बोलणं बंद झालं.

अपिलासाठी वहिनीला घेऊन दुर्गला वकिलांकडे गेलो. त्यांनी साक्षी वाचल्या, चष्मा काढला.

“बाजारात याले पाहणारा एक तरी माणूस आहे?”

नव्हता.

“ठेकेदाराचे दोघं म्हणतात, यानं मागून फावडं मारलं. पण डॉक्टरले जखम कपाळावर दिसली. मागून मारलं तर कपाळावर कशी? आता तिसरा. तो म्हणते, मुकादमानं आधी लोखंडी सब्बल उगारली, मग यानं मारलं. जखम त्याच्या सांगण्याशी जुळते.”

“पण तो फितूर आहे!”

“फितूर असता तर सब्बल कावून सांगितली असती, नेताजी? जीव वाचवायले मारलं, हे दाखवणारा तोच एक आहे. त्याले खोटं पाडू नका.”

“म्हणजे दादाने मारलं, असं मानायचं?”

वहिनी पुढे सरकली. “मारलंच ना जी, भाऊजी. बाजाराचं तर पहिल्या वकिलानं शिकवलं होतं. तुम्ही लिवून राहिले होते, मले कुठं इचारलं?”

मजुरावर सब्बल उगारणारा मुकादम हीच तर आमची लढाई! ते उघड सांगणारा एकच माणूस, आणि आम्ही त्यालाच वाळीत टाकलं होतं.

युनियनच्या समितीत मी म्हणालो, पत्रक मागे घेऊ.

“ठेकेदार नाचेल,” सेक्रेटरी म्हणाला.

“नाचू दे! सब्बल कुणी उगारली, ते तरी छापून येईल.”

“निकाल लागू दे, मग पाहू.”

हात वर झाला तो माझा एकट्याचा.

अपील जबलपूरच्या हायकोर्टात गेलं. तिथे आमचा वकील न्यायाधीशांना सांगणार, या तिसऱ्या साक्षीदारावर विश्वास ठेवा. इथे मी वहिनीबरोबर त्याच्या दारात उभा राहिलो. कडी वाजवली. दार उघडलं नाही.

“वहिनी,” आतून आवाज आला, “जे पाह्यलं ते सांगतलं. तुमचा माणूस सुटो. पण त्या लिवणाऱ्याले घेऊन जा.”